ओट्यामागचा दगड पुन्हा पुन्हा निखळतोय? आधी पडलेल्या तुकड्याची पाठ बघा

आमच्या स्वयंपाकघरात ओट्यामागच्या भिंतीला पांढरा संगमरवर लावलाय. दोन फूट लांब, एक फूट उंच, १८ मिमी जाड असे १४ तुकडे, दोन ओळींत. सव्वा वर्षात गॅसच्या मागचा वरच्या ओळीतला तुकडा तीनदा खाली आला. पहिल्यांदा पहाटे, कुणीच नव्हतं. दुसऱ्यांदा थेट कुकरवर. तिसऱ्यांदा सासूबाई फोडणी देऊन बाजूला झाल्या आणि दोन मिनिटांत मागे धाडकन आवाज. दर वेळी मिस्त्री यायचे, आधीपेक्षा महागाची, दगड चिकटवायच्या अडेसिव्हची पिशवी आणायचे आणि जाताना सांगायचे, "वहिनी, आता शंभर वर्षं हलायचा नाही."

माझी चूक अशी की तीनही वेळा मी फक्त कोणतं अडेसिव्ह वापरलं एवढंच विचारलं. दगड नेमका कुठून सुटला हे बघितलंच नाही. भिंतीवर लावलेला दगड म्हणजे थरांची उतरंड असते: वीट, गिलावा, चिकटवायचा माल, मग दगड, आणि कधी कधी दगडाच्या पाठीला कारखान्यात लावलेली जाळी. यातला जो थर सगळ्यात कच्चा, तिथून तो सुटतो. वरचा थर कितीही भारी केलात तरी खालचा कच्चा तो कच्चाच. आमच्याकडे तर तीन वेळा तीन वेगवेगळ्या थरांतून सुटला, आणि मी मात्र एकच बिघाड समजत राहिले.

आधी वजनाचा हिशोब, कारण तो डोक्यात नसला की पुढचं सगळं किरकोळ वाटतं. संगमरवर, ग्रॅनाइट, कोटा, कडप्पा यांचं वजन थोड्या फरकाने सारखंच, पाण्याच्या साधारण २.७ पट. म्हणजे १८ मिमी जाडीचा एक चौरस फूट दगड सुमारे साडेचार किलोचा. आमचा दोन चौरस फुटांचा एक तुकडा नऊ किलोच्या आसपास. पाच किलो तांदळाच्या दोन पिशव्या डोक्याच्या उंचीला भिंतीवर चिकटवून ठेवल्यात असं समजा. साधी सिरॅमिक टाइल ज्या पद्धतीने गवंडी डोळे मिटून लावतो, ती पद्धत इथे का चालत नाही ते एवढ्यावरून कळतं.

पाठ कशी वाचायची

तुकडा पडला की झाडू घेऊन सगळं गोळा करून टाकू नका. मोठे तुकडे उलटे करून उजेडात ठेवा, भिंतीवरच्या रिकाम्या जागेचा फोटो काढा आणि दोन्ही शेजारी ठेवून बघा. माल दगडाला राहिलाय की भिंतीला, हा पहिला प्रश्न.

आमच्या पहिल्या वेळचा फोटो नशिबाने मोबाइलमध्ये होता. दगडाच्या पाठीवर मालाचे पाच गोळे, चार कोपऱ्यांत चार आणि मध्ये एक. याला आमच्याकडे लाडू लावणं म्हणतात. दगड ओळंब्यात आणायला सोपं पडतं, भिंत वाकडी असली तरी गोळा कमीजास्त दाबून जमवता येतं, म्हणून मिस्त्रींना ही पद्धत फार प्रिय. पण एक एक लाडू तळहाताएवढा धरला तर पाचांचं मिळून क्षेत्र दगडाच्या जेमतेम पाचव्या भागाइतकं होतं. बाकी सगळी पोकळी. त्या पोकळीत ओल साठते, झुरळं राहतात, आणि पलीकडून कुणी खिळा ठोकला की दगडाला तडा जातो. तुमच्या तुकड्याच्या पाठीवर असे लाडू दिसले तर पुढे शोधायची गरज नाही. उरलेले सगळे तुकडे तसेच लावलेत आणि त्यांचाही नंबर येणार आहे.

दुसऱ्या वेळी माल भरपूर होता, खाचांच्या थापीने ओढलेल्या रेघा भिंतीवर छान दिसत होत्या. पण तो सगळा माल भिंतीवरच राहिलेला, आणि त्यावर बारीक चौकड्यांचा ठसा उमटलेला. दगडाची पाठ मात्र चकचकीत, कोरी. गंमत अशी की त्या वेळी मी ती चमक बघून "दगड किती स्वच्छ सुटला, धुवावा पण लागणार नाही" असं म्हटलं होतं! ती चमक रेझिनची होती. संगमरवराच्या बऱ्याच लाद्यांना कारखान्यात पाठीमागून फायबरची जाळी रेझिनने चिकटवतात, म्हणजे वाहतुकीत लादी तडकत नाही. सिमेंटचं अडेसिव्ह दगडाच्या बारीक छिद्रांत शिरून धरतं. रेझिनला छिद्रंच नसतात, मग धरणार कशाला? वाळल्यावर काही महिने नुसतं टेकून राहतं आणि एक दिवस सुटतं. गॅसच्या मागे लवकर सुटतं, कारण तिथे दगड रोज दोनदा तापतो आणि दोनदा निवतो.

जाळी असेल तर मार्ग दोनच. एक, ग्राइंडरने जाळी आणि रेझिन पूर्ण खरवडून दगडाची मूळ पाठ उघडी करायची. यात शिरा असलेला संगमरवर हातात तुटण्याची तयारी ठेवायची. दोन, जाळी राहू द्यायची आणि दोन डब्यांचं इपॉक्सी अडेसिव्ह वापरायचं, जे रेझिनला धरतं. ते महाग पडतं आणि भराभर काम करावं लागतं. मी दुसरा मार्ग सुचवेन. आमच्या मिस्त्रींनी पहिला निवडला आणि दोन तुकडे तोडले.

हिरव्या संगमरवरालाही इपॉक्सीच लागतं, पण वेगळ्या कारणाने. राजस्थानातून येणारा गडद हिरवा दगड पाण्यात कालवलेल्या मालावर ठेवला की ओल पिऊन वाकतो. कोपरे वर उचललेले दिसले आणि दगड हिरवा असला, तर मिस्त्रीला दोष देऊ नका. मालाची निवडच चुकली.

तिसरी वेळ. आता जाळी काढलेली, माल पूर्ण पाठभर, काम मी उभं राहून करून घेतलेलं. तरी पडला. उलटा केला तर माल दगडाला घट्ट, आणि मालाच्याही मागे बोटभर जाडीचा पांढरा, खडूसारखा थर. नखाने ओरखडला तर भुगा पडला. तो होता भिंतीचा गिलावाच! हल्ली बऱ्याच नव्या इमारतींत आतल्या भिंतींना सिमेंट-वाळूऐवजी जिप्सम प्लास्टर करतात. गुळगुळीत होतं, पाण्याची क्युरिंग लागत नाही, बिल्डरचं काम पटकन उरकतं. बेडरूममध्ये उत्तम. पण ओट्यामागे त्याच्यावर १८ मिमीचा दगड म्हणजे पापडावर वरवंटा. ब्रिटनमध्ये टाइल बसवणारे जिप्सम प्लास्टरवर एका चौरस मीटरला २० किलोच्या वर वजन घालत नाहीत, तेही अडेसिव्ह आणि ग्राउट, म्हणजे सांधे भरायचा माल, धरून. आमच्या दगडाचंच एका चौरस मीटरला ४८-४९ किलो भरतं. शिवाय जिप्सम आणि सिमेंट ओलीत एकत्र आले की दोघांच्या मध्ये एक नवा, फुगणारा क्षार तयार होतो आणि तो माल भिंतीपासून ढकलून काढतो. म्हणजे वजन नसतं तरी सुटलाच असता, फक्त जरा उशिरा.

घरात जिप्सम आहे का हे कळायला स्वयंपाकघर फोडावं लागत नाही. स्विचबोर्डची पट्टी काढून कडेचा गिलावा स्क्रू ड्रायव्हरने खरवडा. राखाडी आणि वाळूचे कण लागले तर सिमेंट. पांढरा मऊ भुगा आला तर जिप्सम किंवा पीओपी. आधी मेन स्विच बंद, हे सांगायला नको.

आमच्या घरात न घडलेली, पण ओळखीत बघितलेली आणखी चार लक्षणं आहेत.

पाठीवर पांढरट, पिठासारखी पूड आणि माल त्या पुडीवरून सुटलेला: लादी कापताना बसलेला चिखल वाळलाय आणि कुणी धुतलाच नाही. दगड लावण्याआधी पाठ घासून, धुऊन, वाळवायची एवढंच काम होतं.

मालाबरोबर रंगाची पापडी आली: जुन्या ऑइल पेंटवर किंवा डिस्टेंपरवर थेट लावलंय. माल रंगाला धरून आहे, पण रंग भिंतीला नाही.

माल भिंतीवर, रेघा उभ्याच्या उभ्या, दगडाने दबलेल्याच नाहीत: म्हणजे दगड ठेवायच्या आधीच मालाच्या तोंडावर साय धरली होती. एप्रिल-मेमध्ये हे हमखास होतं. मिस्त्री घमेल्यात अख्खी पिशवी कालवतो, निम्मी भिंत ओढून ठेवतो, वरून पंखा चालू, मध्येच चहा. बोट लावून बघायचं. माल बोटाला लागला नाही तर खरवडून टाकायचा. त्यात वरून पाणी घालून पुन्हा कालवलेला माल तर मुळीच चालत नाही.

आणि मायवानच्या, म्हणजे अॅल्युमिनियमच्या साच्यात ओतलेल्या काँक्रीटच्या भिंती. ठाणे-पुण्याकडच्या टॉवरमध्ये असतात. भिंत काचेसारखी सपाट आणि वर साच्याच्या तेलाचा अंश. भिंतीवर पाणी शिंपडा. थेंब मोत्यासारखे ओघळले तर तिथे काहीही धरणार नाही. घासून तेल काढायचं, टाचे मारायचे म्हणजे छिन्नीने बारीक खड्डे पाडायचे, मगच पुढचं काम.

जे अजून पडले नाहीत, त्यांचं काय?

पाच रुपयांचं नाणं घ्या आणि प्रत्येक तुकड्यावर नऊ ठिकाणी वाजवा. पूर्ण धरलेला दगड टक् असा तुटक, भरीव वाजतो. पोकळ जागी ढप्प असा आवाज येतो आणि किंचित घुमतो. बाजारात मडकं वाजवून घेणाऱ्याला हा फरक शिकवावा लागत नाही. पोकळ जागेभोवती खडूने गोल करा. आमच्या १४ पैकी अकरांवर गोल झाले तेव्हा आमच्या ह्यांनी खडू माझ्या हातातून काढून घेतला.

फक्त एका कोपऱ्यात तळहाताएवढं ढप्प वाजत असेल आणि तुकडा खालच्या ओळीत असेल, तर तारीख लिहून ठेवा आणि दोन महिन्यांनी पुन्हा वाजवा. वाढलं नाही तर राहू द्या. अर्ध्याच्या वर पोकळ असेल किंवा तुकडा गॅसच्या वर असेल तर आजच उतरवा. दर्जेतून, म्हणजे दोन दगडांमधल्या सांध्यातून, बारीक भोक पाडून सिरिंजने इपॉक्सी भरायची युक्ती बरेच जण सांगतात. जमिनीवरच्या फरशीला ती चालते, कारण तिथे दगड पडून पडून कुठे पडणार? चुलीवर टांगलेल्या नऊ किलोला मी ती चालवून घेणार नाही.

उतरवताना सिलिंडरचा रेग्युलेटर बंद, त्या भिंतीवरच्या प्लगची लाइन बंद, ओट्यावर जुनी गोधडी. दर्जा आधी ग्राइंडरने किंवा छिन्नीने मोकळी करायची, नाहीतर एक तुकडा काढताना शेजारचा फुटतो. दगड कापणं-घासणं बाल्कनीत, पाणी मारत आणि चांगला मास्क लावून. ग्रॅनाइट आणि वाळूच्या दगडाच्या धुळीत सिलिका असते, ती फुप्फुसात जाऊन बसते. मिस्त्री गमछा बांधतात, तो पुरत नाही.

पांढरा खार आणि काळपट ओल

दगड पडत नाही, पण सांध्यांतून पांढरी भुकटी येते, पुसली की आठवड्याभरात परत येते. किंवा दगडाच्या कडेकडेने फोटोच्या चौकटीसारखा काळपट पट्टा दिसतो. ही तक्रार निखळण्यापेक्षा जास्त घरांत असते. लोक तिला बुरशी समजून ब्लीच मारतात. बुरशी बोटाला बुळबुळीत लागते, खार कोरडा आणि कुरकुरीत. पाण्याचा थेंब टाकला की खार बहुतेक वेळा दिसेनासा होतो आणि वाळला की पुन्हा उगवतो.

खार म्हणजे पाणी. भिंतीतून, मालातून पाणी येताना क्षार विरघळवून आणतं आणि दगडाच्या तोंडाशी येऊन पाणी उडून जातं, क्षार राहतात. म्हणून खार पुसणं हा उपाय नाही, पाणी कुठून येतं ते शोधणं हा उपाय. माझं माहेर सांगलीत गावभागात, तळमजल्याचं. २०१९ च्या महापुरात त्या भिंती कित्येक दिवस कृष्णेच्या पाण्यात होत्या. पुढची दोन-तीन वर्षं ओट्यामागच्या काळ्या कडप्प्यावर दिवाळीच्या सुमाराला पांढरी नक्षी यायची. आई म्हणायची, रांगोळी काढायला नको. पावसाळाभर भिंत ओल पिते आणि ऑक्टोबरच्या उन्हात ती बाहेर टाकते, म्हणून तो मुहूर्त.

फ्लॅटमध्ये पूर नसतो, पण ओट्याच्या भिंतीपलीकडे बाथरूम असतं. किंवा सिंकच्या नळाची लाइन त्याच भिंतीत असते. किंवा ती बाहेरची पश्चिमेची भिंत असते आणि पाऊस तिच्यावर आपटतो. यातलं कोणतं, हे ओळखायला साधी परीक्षा आहे. डाग आहे तिथे हातभर जाड प्लॅस्टिक चारही बाजूंनी टेपने गच्च चिकटवा आणि दोन रात्री ठेवा. प्लॅस्टिकच्या आतल्या बाजूला थेंब जमले तर पाणी भिंतीतून येतंय. बाहेरच्या बाजूला थेंब आणि आत कोरडं, तर ती स्वयंपाकाची वाफ आहे. चिमणी किंवा एक्झॉस्ट लावा आणि दगडाचा नाद सोडा. आतून ओल असेल तर दुसरी परीक्षा: चार दिवस बाथरूम वापरायचं नाही, जमत असेल तर. डाग फिका पडला तर प्लंबर बाथरूममध्ये बोलवायचा, ओट्याशी नाही. ओल पाइपची असेल तर ती बाराही महिने सारखी राहते. पावसाची ओल जूनमध्ये येते आणि हिवाळ्यात ओसरते.

पाण्याचा उगम बंद केल्यावर मगच खार काढायचा. कोरड्या ब्रशने झाडून, मग ओल्या फडक्याने, पाणी कमीत कमी. आणि इथे एक गोष्ट जरा मोठ्याने सांगते: अॅसिड मारू नका. बाथरूम साफ करायचं अॅसिड घेऊन मिस्त्री हसतमुखाने हजर होतात. संगमरवर तर सोडाच, पण राजस्थानचा कोटा, कर्नाटकातून येणारी शहाबादी, आंध्रचा कडप्पा हे सगळे चुनखडीचे दगड आहेत. अॅसिड त्यांना खातं. आपला दगड कोणत्या जातीचा ते माहीत नसेल तर उरलेल्या तुकड्याच्या पाठीवर लिंबू पिळा. बारीक बुडबुडे आले, पुसल्यावर तिथे खरखरीत डाग राहिला, तर चुनखडीवाला. ग्रॅनाइटवर काहीच होत नाही.

ओल असताना वरून सीलर, म्हणजे दगडात पाणी-तेल मुरू न देणारं द्रव, मारणं हेही तसंच घातक. पाणी आत कोंडतं आणि मग दगडाचा पापुद्राच सुटतो, स्लेट असेल तर थरच्या थर. सीलर पूर्ण कोरड्या दगडावर, तोही आत मुरणारा. लॅकर किंवा वॉर्निशसारखं चकाकणारं काही गॅसच्या मागे लावलंत तर ते पिवळं पडून सालपटं निघतील. सीलर लागतो का हे बघायला पाण्याचा थेंब ठेवा. पाच-दहा मिनिटांत खाली गडद ठिपका पडला तर लागतो. पॉलिश केलेल्या गडद ग्रॅनाइटला सहसा लागत नाही. पिवळ्या जैसलमेरला आणि वाळूच्या दगडाला लागतोच, आणि तो दर्जा भरायच्या आधी एकदा मारावा, नाहीतर ग्राउटचा रंग दगड पिऊन टाकतो.

ओटा आणि भिंत यांच्यातली फट

ही फट दर सहा महिन्यांनी तडकते आणि दर सहा महिन्यांनी कुणीतरी तिच्यात व्हाइट सिमेंट भरतं. ओट्याचा ग्रॅनाइट कडप्प्याच्या उभ्या टेकूंवर असतो आणि भिंत वेगळी. ओट्यावर नारळ आपटला, खलबत्त्यात लसूण ठेचली, भरलेला पातेला ठेवला की ओटा केसभर हलतो. दोन हलणाऱ्या गोष्टींच्या कोनात कडक भरणा टिकत नाही. खालची ओळ ओट्यावर थेट टेकवली असेल तर तिला खालून ढुश्या बसतात आणि ती हळूहळू सुटते. दोन तुकडे तंबूसारखे एकमेकांवर उचललेले दिसतात. तीन मिमीची फट सोडायची, जुना भरणा पूर्ण काढायचा, कोरडी करायची आणि बुरशी न धरणारा सिलिकॉन भरायचा. दगडाला डाग न पाडणारा असं दुकानात सांगून घ्या, साधा सिलिकॉन संगमरवरात तेलासारखा पाझरतो. भिंतीच्या कोपऱ्यातली उभी सांधही तशीच.

आम्ही शेवटी काय केलं

सगळे तुकडे उतरवले. दोन तुटलेले होतेच, काढताना आणखी एक तुटला. तसाच पांढरा मिळेना म्हणून ते तीन कपाटाआड जाणाऱ्या टोकाला लावले. जिप्सम विटेपर्यंत काढलं, विटांच्या दर्जा खरवडल्या, भिंत भिजवून सिमेंट-वाळूचा १:४ गिलावा केला, अंदाजे १५ मिमी, तोंड घोटून गुळगुळीत न करता खरखरीत ठेवला. आठवडाभर पाणी मारलं. मग २८ दिवस थांबलो. हा महिना काढणं हे या सगळ्यातलं सगळ्यात अवघड काम होतं, कारण मिस्त्री चौथ्या दिवसापासून "वहिनी, भिंत खडखडीत वाळलीय" असे फोन करत होते.

पिशवीवर आयएस १५४७७, म्हणजे टाइल-दगडाच्या अडेसिव्हचं भारतीय मानक, छापलेलं बघून घेतलं. त्याच्या २०१९ च्या आवृत्तीत अडेसिव्हचे पाच प्रकार आहेत आणि पहिला प्रकार घरातल्या हलक्या टाइलसाठी आहे, दगडासाठी नाही. जाळी काढलेल्या तुकड्यांना वरच्या प्रकारातलं पांढरं अडेसिव्ह वापरलं. राखाडी माल पांढऱ्या संगमरवरातून सावलीसारखा दिसतो. ज्या पाच तुकड्यांची जाळी तशीच होती त्यांना इपॉक्सी. पाणी मापाने घातलं. मिस्त्री कणीक भिजवल्यासारखं अंदाजाने ओतत होते, मी दुधाचं माप पुढे केलं. कालवल्यावर पाच-दहा मिनिटं मुरू दिलं आणि पुन्हा ढवळलं. पंखा बंद. एका वेळी एकाच तुकड्यापुरती भिंत ओढली, १० मिमी खाचांच्या थापीने, रेघा एकाच दिशेने, आणि दगडाच्या पाठीलाही पातळ हात दिला.

पहिला तुकडा बसवून दाबला आणि लगेच काढायला सांगितला. मिस्त्रींना ते आवडलं नाही. पण पाठ बघायची खरी वेळ हीच, माल ओला असताना. वरच्या दोन कोपऱ्यांत रेघा तशाच उभ्या होत्या, म्हणजे तिथे टेकलाच नव्हता. अमेरिकेतल्या टाइलच्या मानकात कोरड्या जागी किमान ८० आणि ओल्या जागी ९५ टक्के पाठ मालाला लागलेली हवी असं आहे. ओट्यामागची जागा मी ओलीतच धरली. भिंतीला तिथे थोडा खळगा होता, माल वाढवला, पुन्हा बसवला, पुन्हा काढला. दुसऱ्यांदा पाठ सगळीकडे सारखी माखलेली दिसली. मग पुढचे तुकडे न काढता लावले, फक्त सातवा मध्येच एकदा काढून बघितला.

तुकड्यांत दोन मिमीची दर्जा, चोवीस तासांनी ग्राउट, वरच्या ओळीला रात्रभर लाकडी टेकू. गॅस तीन दिवस हॉलमध्ये होता.

डागांचं थोडक्यात सांगते. लिंबू, चिंच, कोकमाचं आगळ, ताक यांनी संगमरवरावर उमटतो तो डाग नसून पॉलिश जळलेलं असतं, घासून जात नाही, पॉलिशवाल्यालाच बोलवावं लागतं. तेलाच्या डागावर खाण्याच्या सोड्याचा लगदा थापून प्लॅस्टिक लावून एक दिवस ठेवला तर बराच निघतो. पण हळदीवर सोडा किंवा साबण लावू नका, ती लाल होते. हळदीत चुना घालून कुंकू करतात ते याच गुणावर! पांढऱ्या दगडावरच्या हळदीला औषधाच्या दुकानातलं हायड्रोजन पेरॉक्साइड खडूच्या पुडीत कालवून लावा. काळ्या दगडाला नको, रंग उतरतो.

हे लिहिताना काम होऊन एक पावसाळा आणि एक उन्हाळा गेलाय. परवा पुन्हा नाणं घेऊन बसले. तेरा तुकडे टक्. कपाटाआडचा, तुटका जोडलेला एक, खालच्या डाव्या कोपऱ्यात ढप्प. खडूने गोल करून तारीख लिहिलीय, ह्यांनी बघायच्या आधी कपाट परत सरकवलंय.